कातरचोचीचा ऋतू

हेमलॉकच्या त्या सूचिपर्णी झाडाखाली थांबलो तेव्हा आधी पक्षी दिसलाच नाही. दिसले ते वरून गिरक्या घेत उतरणारे बियांचे पंख. करंगळीच्या नखाएवढे, कांद्याच्या पापुद्र्यासारखे पातळ असे ते पंख उन्हाच्या तिरिपेत क्षणभर चमकत आणि खालच्या शेवाळावर येऊन टेकत होते. वारा अजिबात नव्हता. झाड आपणहून बी सोडते तेव्हा त्या पंखाच्या टोकाला बी चिकटलेली असते. हातावर घेऊन पाहिले तर इथला प्रत्येक पंख रिकामा होता. म्हणजे वर कोणीतरी बसून बी काढून घेत होते आणि उरलेला पापुद्रा खाली टाकत होते. उत्तर सिक्कीममधले ते जंगल समुद्रसपाटीपासून साधारण ३,००० मीटर उंचीवरचे होते, एप्रिल सरत आला होता, आणि झाडांच्या सावलीत राहिलेला बर्फ अजून पुरता विरघळलेला नव्हता.

दुर्बीण लावली तेव्हा शेंड्याजवळ सात-आठ पक्षी दिसले. चिमणीपेक्षा थोडे मोठे, मानेत आखूड, डोके जरा जडच वाटावे असे. नर विटेच्या रंगाचे, माद्या हिरवट पिवळ्या. पोपट जसा चोचीचा आधार घेत फांदीवरून चढतो, तसे ते चोच आणि पाय वापरत डहाळीवरून सरकत होते आणि उलटे लटकून शंकूंशी, म्हणजे झाडाच्या बिया पोटात घेतलेल्या खवलेदार बोंडांशी, झटत होते. हा क्रॉसबिल. वरच्या आणि खालच्या चोचीची टोके एकमेकांना ओलांडून पुढे गेलेली असतात म्हणून ते इंग्रजी नाव. मी माझ्यापुरते त्याला कातरचोच म्हणतो. फिंच कुळातला हा पक्षी युरोप, आशिया आणि उत्तर अमेरिकेतल्या सूचिपर्णी जंगलांत पसरलेला आहे, आणि हिमालयात त्याचे जे रूप आढळते ते आकाराने सर्वांत लहान क्रॉसबिलांपैकी एक आहे.

त्या थव्यात एक पक्षी वेगळा होता. तपकिरी अंगावर खालपर्यंत गडद रेघा, पंखांची अखंड थरथर, आणि नर जवळ आला की सबंध शरीर पुढे झोकून घास मागण्याची घाई. ते पिल्लू होते. त्याची चोच सरळ होती.

त्या सरळ चोचीने मला त्या दिवशी हिशेबाला बसवले. क्रॉसबिलचे पिल्लू अंड्यातून बाहेर येते तेव्हा त्याची चोच इतर कोणत्याही फिंचसारखीच सरळ असते. टोके एकमेकांना ओलांडू लागतात ती चौथ्या-पाचव्या आठवड्याच्या सुमारास. म्हणजे हे पिल्लू महिन्याभराचे धरू. त्याआधी अंडी उबवण्याचे दोन आठवडे, त्याआधी घरटे बांधण्याचे काही दिवस. एप्रिलच्या शेवटापासून मागे मोजत गेलो तर घरट्याची पहिली काडी फेब्रुवारीच्या अखेरीस किंवा मार्चच्या सुरुवातीला ठेवली गेली असणार. त्या काळात या उंचीवर फांद्या बर्फाच्या ओझ्याने वाकलेल्या असतात, रात्रीचे पाणी सकाळी गोठलेले असते आणि किड्यांचा मागमूस नसतो. वसंतात घरटी, किंवा पावसाच्या तोंडावर घरटी, हे लहानपणापासून मनात इतके पक्के बसलेले असते की पक्ष्यांचा विणीचा हंगाम म्हणजे ऊब आणि अळ्या हे समीकरण आपण कधी तपासून पाहत नाही. या पिल्लाने ते तपासायला लावले. तेव्हापासून या पक्ष्याबद्दल जे जे हाती लागले ते मी वाचत आलो आहे, आणि माझी समजूत अशी झाली आहे की कातरचोचीचा ऋतू आकाशात शोधून सापडत नाही. तो शंकूच्या खवल्यांमध्ये मिटलेला असतो.

खाली पडलेला एक शंकू मी उचलून घेतला होता. हिमालयातल्या हेमलॉकचा शंकू जेमतेम दोन सेंटीमीटरचा असतो, अंगठा आणि तर्जनीच्या चिमटीत मावणारा. खवले कौलांसारखे एकावर एक बसलेले असतात आणि प्रत्येक खवल्याच्या बुडाशी दोन बिया असतात. मिटलेल्या शंकूचा खवला नखाने उचकटायचा प्रयत्न केला तर नखच दुखते. क्रॉसबिल चोच किंचित उघडून तिची टोके दोन खवल्यांच्या फटीत घालतो आणि मग खालची चोच बाजूला सरकवतो. टोके ओलांडलेली असल्यामुळे या सरकवण्याने वरचा खवला एका दिशेला आणि खालचा दुसऱ्या दिशेला ढकलला जातो, दोघांमध्ये जागा होते आणि तिथे जीभ शिरून बी बाहेर काढते. मग ती बी टाळूच्या कडेला असलेल्या खाचेत धरून तो तिचे टरफल सोलतो, पंख टाकून देतो आणि गर गिळतो. सगळे मिळून काही क्षणांचे काम. कात्री दोन पात्यांमधली वस्तू कापते. ही चोच मात्र वस्तूच्या आत शिरून उघडते. त्यामुळे माझे 'कातरचोच' हे नाव तसे अपुरे आहे, तरी आता ते तोंडात बसले आहे.

या वाकडेपणाचा उपयोग नेमका किती, हे पाहणारा एक सुरेख प्रयोग क्रॉसबिलचे अभ्यासक क्रेग बेंकमन आणि त्यांच्या सहकाऱ्याने १९९१ साली प्रसिद्ध केला. त्यांनी काही क्रॉसबिलांच्या चोचीची ओलांडलेली टोके, आपण नखे कापावीत तशी, कापून टाकली. ती पुन्हा वाढतात, त्यामुळे पक्ष्यांना कायमची इजा नव्हती. उघडलेल्या शंकूतून बी काढायला या पक्ष्यांना काहीच अडचण आली नाही. मिटलेल्या शंकूपुढे मात्र ते हतबल झाले, आणि टोके जसजशी वाढत गेली तसतसे त्यांचे कसब परतले. म्हणजे जेव्हा शंकू मिटलेला आहे, बी आत आहे आणि जंगलातल्या इतर बहुतेक पक्ष्यांना ती मिळत नाही, तेव्हाचा काळ या चोचीने आपलासा केला आहे. हा काळ बहुधा हिवाळ्याचा असतो.

झाडांच्या बाजूनेही याचा विचार करावा लागतो. स्प्रूस, फर, पाइन, हेमलॉक ही झाडे दरवर्षी सारखे पीक देत नाहीत. दोन-चार वर्षे हात आखडता घेतात आणि मग एखाद्या वर्षी सबंध डोंगर, कधी कधी शेकडो किलोमीटरचा प्रदेश, एकदम शंकूंनी लगडतो. बी खाणाऱ्यांना वर्षानुवर्षे उपाशी ठेवायचे आणि मग त्यांना संपवता येणार नाही इतके एकाच वेळी द्यायचे, असा त्यात झाडांचा फायदा आहे. क्रॉसबिलने या लहरी पिकाशी आपले आयुष्य बांधून घेतले आहे. पीक भरघोस असेल तर तो जानेवारीतही अंडी घालतो, मार्चमध्येही आणि ऑगस्टमध्येही. पीक नसेल तर वसंत कितीही फुललेला असो, त्याला त्याचे काही नसते. तो वर्षातल्या कोणत्याही महिन्यात वीण करतो असे सरसकट लिहिले जाते, ते मात्र थोडे सैल विधान आहे. दिवस लहान होत जातात त्या शरद ऋतूच्या उत्तरार्धात त्याची वीण बहुतेक ठिकाणी थांबलेली असते. दिवसाच्या लांबीचा परिणाम त्याच्याही शरीरावर होतो. फरक एवढाच की इतर पक्ष्यांचे शरीर ज्या काळात वीण करायला साफ नकार देते, त्या काळातही याचे शरीर दार किलकिले ठेवते, आणि बियांचा सुकाळ दिसला की काही दिवसांत घरटे उभे राहते. पिकाच्या वर्षी तर त्याच हंगामात जन्मलेले पक्षी, अंगावरच्या पिल्लपणाच्या रेघा पुरत्या गेल्याही नसताना, स्वतः जोडी जमवून बसलेले आढळले आहेत.

बर्फातल्या त्या घरट्याचे चित्र माझ्या मनातून जात नाही.

मादी एकटीच घरटे बांधते. जागा बहुधा दाट पालवीच्या फांदीवर, वर सुयांचे छप्पर येईल अशी. बाहेरून सूचिपर्णी झाडांच्या कोरड्या काटक्यांचा सैल सांगाडा, आत गवत, शेवाळ, दगडफूल, सालीचे तंतू आणि पिसे यांचा जाड थर. हिवाळ्यातल्या घरट्याच्या भिंती विशेष जाड असतात. त्यात ती तीन किंवा चार अंडी घालते आणि त्यानंतर जवळजवळ हलत नाही. नर दाणा आणतो. चोचीत एखादी बी धरून तो येत नाही; सोललेल्या बियांचा गर अन्ननळीतल्या पिशवीत साठवून येतो आणि तिच्या चोचीत ओततो. ती ज्या उबेवर बसलेली आहे ती सगळी या नराने शंकूतून खवला खवला उचकटून आणलेली असते. बाहेर पारा शून्याच्या खाली, मादीच्या पाठीवर कधी कधी बर्फाचे कण, आणि तिच्या पोटाखाली अंड्यांना लागणारी ऊब. दोन आठवड्यांनी पिल्ले बाहेर येतात, उघडीवाघडी, डोळे मिटलेली. पहिले काही दिवस मादी त्यांच्यावरून उठत नाही आणि नर आणतो तोच घास ती पिल्लांना भरवते. पुढे एकट्या नराचे आणलेले पुरेनासे होते आणि मादीलाही बाहेर पडावे लागते.

ती उठून गेल्यावर त्या पिल्लांचे काय होत असेल, हा प्रश्न मला फार दिवस सतावत होता. पिसे पुरती न आलेली पिल्ले गोठणाऱ्या हवेत बराच वेळ उघडी राहतात, तेव्हा त्यांचे शरीर थंड पडत जाते, हालचाल मंदावते आणि ती एक प्रकारच्या सुस्तीत जातात. जवळजवळ निपचित. आई परत येऊन अंगाखाली घेते तेव्हा ती पुन्हा ऊब धरतात आणि चोची उघडतात. हे वाचले त्या दिवशी मी पुस्तक मिटून काही वेळ तसाच बसून राहिलो होतो. सगळा वेळ ऊब देणे आईला शक्य नाही, कारण ऊब आणि अन्न दोन्ही एकाच पक्ष्याला पुरवायचे आहे. म्हणून पिल्लांच्या शरीरानेच थंडीत थांबून राहण्याची सोय करून घेतली आहे. या घरट्यात किडे-अळ्यांना फारशी जागा नसते. कितीतरी दाणे खाणारे पक्षीसुद्धा पिल्लांना मात्र अळ्या भरवतात, कारण वाढत्या शरीराला ते अन्न लवकर लागू पडते. क्रॉसबिलची पिल्ले मुख्यतः बियांच्या गरावरच वाढतात. म्हणूनच किडे नसलेल्या ऋतूत त्यांना जन्म घेता येतो, आणि कदाचित म्हणूनच ती घरट्यात सुमारे तीन आठवडे काढतात. एवढ्याशा पक्ष्याला हा काळ बराच मोठा आहे.

स्प्रूसच्या जंगलांत या वेळापत्रकामागचे एक कारण फार स्पष्ट दिसते. तिथले शंकू शरदात पिकतात, हिवाळाभर मिटून राहतात आणि हिवाळा सरताना कोरड्या उन्हाने उघडू लागतात. मादी कडाक्याच्या थंडीत अंडी घालते तेव्हा शंकू मिटलेले असतात. पिल्ले घरट्याबाहेर पडतात त्या सुमारास खवले उघडू लागलेले असतात. ज्यांची चोच अजून सरळ आहे, ज्यांना मिटलेला शंकू उघडता येत नाही, त्यांच्यापुढे तेव्हा उघडलेला शंकू येतो. हे मला नीट उमगले तेव्हा बर्फातले घरटे हा हट्ट किंवा धाडस वाटेनासे झाले. वीण उशिरा केली असती तर पिल्ले खायला शिकेपर्यंत बिया जमिनीवर सांडून गेल्या असत्या.

त्या दिवशी तो थवा उडाला तेव्हा सगळ्यांची एकच हाक उठली होती, 'जिप्-जिप्' अशी कोरडी, ठसठशीत. या हाकेचा विणीशी संबंध आहे हे मला पुष्कळ नंतर कळले. १९९३ साली पक्षीअभ्यासक जेफ ग्रोथ यांनी उत्तर अमेरिकेतल्या क्रॉसबिलांच्या उडतानाच्या हाकांचा सविस्तर अभ्यास मांडला आणि कानाला सारख्याच वाटणाऱ्या या हाकांचे ठराविक प्रकार असल्याचे दाखवून दिले. आज तिथे असे दहाहून अधिक प्रकार मानले जातात. हाक वेगळी तशी चोचीची जाडीही थोडी वेगळी, आणि टाळूतल्या खाचेची रुंदीही. हा फरक मिलिमीटरच्या अंशांत मोजावा लागतो. पण हेमलॉकची बारीक बी आणि पाइनची जाड बी यांत तेवढ्याने फार फरक पडतो. पिल्लू हाक आईबापांकडून शिकते. जोडी जमली की नर आणि मादी आपापल्या हाकेत बारीक बदल करत ती एकमेकांच्या हाकेशी जुळवून घेतात. ज्याची चोच माझ्यासारखी, त्याचे झाड माझ्यासारखे. ज्याचे झाड माझ्यासारखे, त्याच्या सोबतीने माझे पोट भरेल. थव्यात राहून हे पक्षी इतरांना किती लवकर बी मिळते आहे याचाही अंदाज घेतात आणि झाड रिकामे होत आले की एकत्र उठतात. अशा पक्ष्याला सारख्या हाकेचा जोडीदार म्हणजे अन्नाचाच भरवसा.

पीक संपले की तो प्रदेश सोडतो, आणि हे स्थलांतर ठरलेल्या वाटेचे नसते. एका वर्षी एका पर्वतावर वीण, पुढच्या वर्षी हजारो किलोमीटर दूर दुसऱ्याच रानात. युरोपात कधी कधी उत्तरेकडच्या जंगलांत पीक बुडते तेव्हा क्रॉसबिलांचे लोंढेच्या लोंढे पश्चिमेकडे उतरतात. मॅथ्यू पॅरिस या भिक्षूने १२५१ साली इंग्लंडमध्ये अशा पक्ष्यांची नोंद केली आहे. सफरचंदांच्या बागांत उतरून ते फळे चिरत आणि आतल्या बिया तेवढ्या खात, हे त्याच्या नजरेतून सुटले नाही. आठ शतकांपूर्वीची ही नोंद मला फार जवळची वाटते. सफरचंदाचा गर सोडून बी खाणारा पक्षी भुकेपोटी परक्या मुलखात आलेला आहे आणि तिथेही शंकूच शोधतो आहे.

अशा पक्ष्याला पुस्तकांत भटका म्हणतात. मला तो शब्द पटत नाही. ज्याला घर नाही तो भटका. कातरचोचीला घर आहे, फक्त ते एका जागी राहत नाही. पिकलेल्या शंकूंचा डोंगर जिथे असेल तिथे ते असते, आणि तिथे पोचल्यावर तो इतक्या निश्चिंतपणे घरटे बांधतो की जणू पिढ्यान्‌पिढ्या तिथेच राहत आला आहे.

याला एक अपवाद आहे आणि तो सांगितल्यावाचून राहवत नाही. अमेरिकेतल्या आयडाहो राज्याच्या दक्षिणेला साउथ हिल्स आणि अल्बियन या दोन लहान डोंगररांगा आहेत. लॉजपोल पाइनच्या शंकूतल्या बियांचा मोठा ग्राहक म्हणजे तांबडी खार. या दोन रांगांवर ती नव्हती. खारीपासून बचाव करण्याची गरज उरली नाही, तेव्हा तिथल्या पाइनने आपली सगळी शक्ती क्रॉसबिलला अडवण्यात घातली. शंकूच्या टोकाकडचे खवले जाड होत गेले. त्याला उत्तर म्हणून तिथल्या क्रॉसबिलची चोच भरभक्कम होत गेली, मग खवले आणखी जाड झाले. लॉजपोलचे हे शंकू वर्षानुवर्षे मिटून राहतात, वणव्याच्या धगीनेच बहुधा उघडतात, त्यामुळे बियांचा साठा दरवर्षी तसाच असतो आणि पक्ष्याला कुठे जाण्याचे कारण उरत नाही. तो तिथेच राहिला, तिथेच वीण करत राहिला आणि इतर क्रॉसबिलांपासून दुरावला. २०१७ साली त्याला कॅशिया क्रॉसबिल या नावाने स्वतंत्र जाती म्हणून मान्यता मिळाली. त्याचे शास्त्रीय नाव 'सिनेस्क्युरिस' म्हणजे खारीवाचूनचा. एका पक्ष्याचे नाव तिथे नसलेल्या प्राण्यावरून पडावे, यात त्याचा सगळा इतिहास आला.

ज्याचे सगळे जग दोन लहान डोंगररांगांवर आहे त्याची मात्र काळजी वाटते. कडक उन्हाळ्याने हे मिटलेले शंकू अवेळी उघडले तर बिया सांडून जातात आणि पुढच्या वर्षांचा साठा रिकामा होतो. २०२० साली तर मोठ्या वणव्याने या अधिवासाचा बराच भाग जाळला. कॅनडातल्या न्यूफाउंडलंड बेटावरची गोष्ट याहून जुनी आहे. तिथेही खारी नव्हत्या. १९६३ च्या सुमारास त्या माणसांनी आणून सोडल्या. ब्लॅक स्प्रूसच्या तिथल्या शंकूंना खारीपासून बचाव ठाऊकच नव्हता, आणि पुढच्या काही दशकांत बेटावरचा क्रॉसबिल इतका दुर्मीळ झाला की तो नामशेष झाला असेच काही काळ मानले गेले. त्या पक्ष्यांना कोणी मारले नव्हते, झाडेही जागेवर होती. फक्त शंकूतली बी हिवाळा संपेपर्यंत उरत नव्हती.

हिमालयातल्या त्या झाडाखाली मी तासभर उभा होतो. नर चार वेळा आला. प्रत्येक वेळी पिल्लू पंख थरथरवत पुढे सरसावे, तो त्याच्या घशात घास ओते, चोच फांदीला दोन्ही बाजूंनी पुसे आणि वरच्या शंकूंकडे निघून जाई. तो गेला की पिल्लू स्वतः खटपट करी. जवळच्या शंकूवर ते लटकले, खवल्याला दोन-तीन टोचे मारले, सुई ओढून पाहिली, सालीचा तुकडा चघळून टाकून दिला. घरटे सोडल्यावरही तीन-चार आठवडे आईबाप असे भरवत राहतात, कारण चोच वाकल्याशिवाय पिल्लाचे पोट त्याचे त्यालाच भरता येत नाही. एकदा ते इतके खालच्या फांदीवर आले की दुर्बिणीत त्याचे डोके मावेना. खालच्या चोचीचे टोक अगदी किंचित एका अंगाला कलायला लागले होते. या पक्ष्यांत साधारण निम्म्यांची चोच उजवीकडे वळते आणि निम्म्यांची डावीकडे, आणि शंकूला कोणत्या बाजूने भिडायचे, कोणत्या पायाने तो धरायचा हे मग त्यावरून आयुष्यभरासाठी ठरते. मी श्वास रोखून पाहत होतो. कल कोणत्या बाजूला आहे हे पुरते दिसण्याआधीच वरून 'जिप्-जिप्' अशी हाक आली, सगळा थवा एकदम उठला, आणि ते पिल्लूही त्यांच्यामागे, तीच हाक थोड्या कच्च्या आवाजात देत, दरीपलीकडच्या रानाकडे गेले.